माझ्या आजोबांचे तीन गुन्हे

आप्पा, म्हणजे माझे वडील, सिंगापूरला आले त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी उठून बाहेर आले, तर ते तयार होऊन बसलेले. इस्त्रीचा पांढरा सदरा, डोक्यावर टोपी, आणि हातात प्लास्टिकच्या पिशवीत पासपोर्ट आणि आधार कार्ड.

"हितली पोलीस चौकी कुठं आहे?" त्यांनी विचारलं.

मला वाटलं काहीतरी हरवलं. "काय झालं आप्पा?"

"काय व्हायला पायजे? नाव सांगून येतो."

मी विसरलेच होते. पुण्यात मला पहिली नोकरी लागली तेव्हा ते मला सोडायला आले होते. खोलीवर ट्रंक ठेवली, पाणीसुद्धा न पिता विचारत विचारत चौकीवर गेले आणि सांगून आले, की मी अमुक, सोलापूरचा, माझी मुलगी इथे राहणार आहे. मी लाजेने अर्धमेली झाले होते. रूममेटला म्हटलं, वडिलांचे एक ओळखीचे आहेत पोलिसांत.

कारण सांगायला हवं. आम्ही टकारी. गावोगाव हिंडून जात्यांना, पाट्यांना टाकी लावून देणं हे आमचं पूर्वीचं काम. इंग्रजांनी एक कायदा केला आणि आमच्यासारख्या कितीतरी जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरवल्या. सोलापुरात तारेचं कुंपण घातलेली वसाहत होती, तिला सेटलमेंट म्हणायचे. आजोबा तिथेच वाढले, तिथूनच गिरणीत कामाला जायचे. रोज हजेरी, आणि कुंपणाबाहेर दुसरीकडे कुठेही जायचं तर पास. स्वातंत्र्यानंतर कायदा गेला, तारा काढल्या. पण पोलीस काही लगेच विसरले नाहीत, त्यामुळे आजोबाही विसरले नाहीत. कुठल्याही परगावी गेले की आधी पोलीस पाटलाचं घर गाठायचे, आणि लहानग्या आप्पांना बोटाला धरून न्यायचे. आजोबा गेले, पोलीस पाटलाचा तो दरारा गेला, आप्पांची सवय मात्र राहिली.

"परक्या गावात आपण आधी जाऊन सांगावं," ते म्हणतात. "मग ते आपल्याला हुडकत येत न्हाईत."

माझी चौदा वर्षांची मुलगी सीरियल खाता खाता हे ऐकत होती. तिला यातलं काहीच माहीत नव्हतं. ती म्हणाली, "मम्मा, आजोबा थिंक्स बेडोक इज अ व्हिलेज लाह."

मी म्हटलं, जा त्यांच्याबरोबर. बेडोकमध्ये, सिंगापूरच्या आमच्या या भागात, आमच्या ब्लॉकपासून तीन ब्लॉक पलीकडे एक छोटी पोलीस चौकी आहे, खाली व्हॉइड डेकला, म्हणजे इमारतीखालच्या मोकळ्या जागेला लागून. अर्ध्या तासाने दोघं परत आली. मुलीने मला सगळं करून दाखवलं. आत एक तरुण पोलीस होता. आप्पांनी पासपोर्ट काढून काउंटरवर ठेवला आणि डावा अंगठा पुढे केला. आप्पांना सही येते, चांगली वळणदार येते, तरी अंगठाच. पोलिसाने पासपोर्ट उघडून पाहिला, मुलीकडे पाहिलं. "अंकल व्हिजिटिंग? कॅन, कॅन. नो नीड टू रिपोर्ट." आप्पा हलेनात. लिहून घ्या म्हणाले. शेवटी त्या बिचाऱ्याने फसव्या फोनपासून सावध राहण्याचं एक पत्रक त्यांच्या हातात दिलं. आप्पांनी त्याची नीट घडी घालून पासपोर्टात ठेवली. त्यांच्या दृष्टीने ती पावती होती.

"पण का?" मुलीने मला विचारलं. "व्हाय डज ही हॅव टू?"

मी म्हटलं, "या रविवारी सांगणार आहे. सगळ्यांना."

त्या रविवारी आमच्या वाचनकट्ट्यावर माझं भाषण होतं. हा कट्टा म्हणजे पंधरा-वीस मराठी कुटुंबं. महिन्यातून एकदा नोव्हेना भागातल्या एका कॉन्डोच्या फंक्शन रूममध्ये जमायचं, एकाने एखादा विषय वाचून येऊन मांडायचा, मग खाणं. त्या वर्षी सगळे विषय दुसऱ्या महायुद्धाचे होते. कोणी सिंगापूरवरचा जपानी अंमल घेतला, कोणी इटलीत लढलेले मराठा सैनिक. मी घेतला रोमा लोकांचा छळ. युरोपातले भटके, ज्यांना आपण जिप्सी म्हणतो.

सात वर्षं त्या कट्ट्यावर जात होते आणि मी कोण ते कोणाला माहीत नव्हतं. आप्पांनी शाळेत घालताना गावावरून आडनाव लावलं, शेवटी 'कर' आलं, त्यामुळे कोणी पुढचं विचारत नाही. मी बी.ई. आहे. आमच्या घरातली आणि आमच्या अख्ख्या गल्लीतली पहिली पदवीधर. हे मी कुठेही छातीठोक सांगते. कुठल्या प्रवर्गातून सीट मिळाली ते मात्र कधी सांगितलं नव्हतं.

रोमांचा विषय मी का घेतला? माझं काम रेकॉर्ड जुळवण्याचं आहे. दोन ठिकाणच्या नोंदी एकाच माणसाच्या आहेत का हे शोधणारं सॉफ्टवेअर आम्ही बँकांसाठी करतो. आणि एका लेखात मी वाचलं, की छावण्यांच्या कितीतरी वर्षं आधी जर्मन पोलिसांकडे या लोकांची कार्डं होती. फोटो, बोटांचे ठसे, कोण कुठे दिसला त्याच्या नोंदी. पुढे संशोधक म्हणवणारे लोक त्यांच्या वस्त्यांवर जाऊ लागले. त्यातल्या काहींना त्यांची भाषाही येत होती. गोड बोलून विचारायचे, हा तुझा कोण, ती याची कोण. डोक्यांची मापं घ्यायचे. त्यावरून वंशावळी काढल्या, मोठमोठ्या कागदांवर. मग हुकूम निघाला, की जो जिथे आहे त्याने तिथून हलायचं नाही. त्यानंतर गाड्या आल्या, आणि गाडीत कोणाला घालायचं ते ठरवायला तेच कागद कामी आले. बाया, पोरं, म्हातारी माणसं, सगळी.

वाचताना मी मधेच लॅपटॉप बंद करून स्वयंपाकघरात गेले आणि भांडी घासत उभी राहिले. आमच्याकडे गाड्या आल्या नाहीत, गॅस नव्हता. तो फरक मोठा आहे आणि भाषणात मी तो पुसणार नव्हते. पण त्याच्या आधीची पायरी मला अनोळखी नव्हती. कार्ड, ठसे, हजेरी, हलायचं नाही. तिथपर्यंत तर मी घरच्याच गोष्टी वाचत होते.

म्हणून भाषणाच्या शेवटी मी एक पान जोडलं. सोलापूरचं, आमचं. नवऱ्याला दाखवलं. तो आमच्यातलाच. तो म्हणाला, "वाच. किती दिवस जपणार?"

कट्ट्याचे संयोजक म्हणजे बँकेतून निवृत्त झालेले एक गृहस्थ, त्यांना सगळे काका म्हणतात. मजकूर त्यांना आधी पाठवायची पद्धत आहे. शुक्रवारी त्यांचा फोन आला.

"छान झालंय हो. अभ्यास दिसतो. फक्त ते शेवटचं पान वाचायचं राहू द्या."

"का, काका?"

"विषय भरकटतो. जर्मनीवरून एकदम सोलापूर."

"भरकटत नाही. तोच विषय आहे."

"हे बघा, तुमच्याच काळजीनं सांगतो. आपले लोक चांगले आहेत, पण शेवटी लोक ते लोक. उद्या मुलीचं लग्न करायचंय तुम्हाला."

"ती चौदा वर्षांची आहे, काका."

"मोठी होईलच की."

मी म्हटलं, बघते. फोन ठेवला आणि त्या पानात आणखी एक परिच्छेद घातला.

आप्पांना मात्र मी काही सांगितलं नाही. तिथे गोष्टी सांगतात, खायला मिळतं, चला, एवढंच म्हटलं. विचारलं असतं तर ते नाही म्हणाले असते, आणि त्यांनी नाही म्हटल्यावर मला पुढे जाता आलं नसतं.

भाषण बरं झालं. रोमांबद्दल बोलले तेव्हा लोक मन लावून ऐकत होते. आउश्वित्झच्या छावणीत एकदा सैनिक त्यांना न्यायला आले तेव्हा ते हातात फावडी, दगड, मिळेल ते घेऊन बराकीत उभे राहिले, असं जिवंत राहिलेल्यांनी सांगून ठेवलंय, ते सांगितलं. युद्ध संपल्यावर काय झालं तेही वाचलं. रोमा लोक नुकसानभरपाई मागायला गेले तर कित्येकांना उत्तर मिळालं, की तुम्हाला वंशामुळे नाही, गुन्हेगारीमुळे धरलं होतं. पुरावा म्हणून पोलिसांच्या त्याच जुन्या फायली.

मग मी शेवटचं पान काढलं. काकांनी चष्मा काढून पुसायला घेतला. मी वाचलं, की हे मला वाचून कळलेलं नाही. मी टकारी आहे. माझे आजोबा तारेच्या आत वाढले, आणि मागे बसलेले माझे वडील याच आठवड्यात बेडोकच्या पोलीस चौकीत स्वतःची हजेरी लावून आले.

एक बाई उठून वडे गरम आहेत का ते बघायला गेल्या. माझी मुलगी मान वळवून आजोबांकडे पाहत होती. आप्पा समोरच्या खुर्चीच्या पाठीकडे पाहत होते.

पहिला प्रश्न डॉक्टरबाईंनी विचारला. जवळच्याच एका दवाखान्यात काम करतात, माझ्याशी नेहमी चांगलं बोलतात. "राग मानू नका हं. पण हे लोक थोड्याफार चोऱ्या करायचेच ना? म्हणजे जे झालं ते भयंकरच. पण लोकांचा राग काहीतरी असल्याशिवाय..."

'हे लोक' म्हणजे कोण ते त्यांनी सांगितलं नाही, आणि मीही विचारलं नाही.

"माझ्या आजोबांचं सांगते," मी म्हटलं. "त्यांच्या नावावर आयुष्यात एकही गुन्हा नव्हता. एकही नाही. तरी ते तीस वर्षं तारेच्या आत होते."

कोणीतरी टाळी वाजवली आणि मग सगळ्यांनीच वाजवली. डॉक्टरबाईंनीसुद्धा. मला फार बरं वाटलं. खोटं कशाला सांगू, अगदी जिंकल्यासारखं वाटलं.

परतताना एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, आप्पा आमच्याकडे पाठ करून उभे राहिले. एका मुलाने त्यांना उठून जागा दिली, तर तिथे पिशवी मांडीवर घेऊन सरळ बसून राहिले. मला वाटलं, न विचारता सांगितलं म्हणून रागावले. घरी आल्यावर पाय धुतले, चहा घेतला, आणि कप खाली ठेवून म्हणाले,

"तू खोटं बोललीस."

"काय खोटं बोलले?"

"गुन्हा नव्हता म्हणून तुला कुणी सांगितलं?"

"तुम्हीच."

"मी म्हणालो, आपल्या घरात चोरी कुणी केली न्हाई. चोरी. गुन्हा न्हाई असं मी कधी म्हणालो?" त्यांनी तीन बोटं वर केली. "तीन होते. शिक्षा लागलेले."

पंधरा-वीस कुटुंबांसमोर मी ते वाक्य बोलून आले होते. ठासून, दोनदा.

"कसले गुन्हे?"

"बिनपास बाहेर जायचे. आणखी कसले?"

मग त्यांनी सांगितलं. पहिल्यांदा आजोबा गेले ते धाकट्या बहिणीच्या लग्नाला. पास मागितला होता, साहेब दौऱ्यावर होता, लग्न काही साहेबासाठी थांबणार नव्हतं. अक्षता पडेपर्यंत थांबले, जेवलेही नाहीत, तरी परत येताना सापडले. आठ दिवस कोठडी. दुसऱ्यांदा आईला भेटायला. तिला विजापूरच्या सेटलमेंटात हलवलं होतं. आजोबा चालत गेले. तिथे आत जायचा पास नाही, म्हणून तारेच्या बाहेर उभे राहिले आणि आई आत. तसेच बोलत बसले, संध्याकाळपर्यंत. तिथेच धरले. या खेपेला सक्तमजुरी.

"आणि तिसऱ्यांदा?"

आप्पा हसले. आल्यापासून पहिल्यांदाच नीट हसले असतील. "तिसऱ्यांदा असंच. तारेच्या पलीकडं एक बाभळ होती. रोज दिसायची. एक दिवस तार वाकवून गेले आणि जाऊन तिच्याखाली बसले. शिपाई येईपर्यंत."

"कशाला?"

"बसावं वाटलं."

मुलगी दारात उभी होती. तिला मराठी बोलायचा कंटाळा असला तरी कळतं सगळं. ती हळूच येऊन आजोबांच्या शेजारी बसली.

"हे मला कधी का सांगितलं नाही?" मी विचारलं.

"तू बँकांचं काम करतीस. तुमची चौकशी करत्यात, पोलिसाचं सर्टिफिकेट मागत्यात. घरात सजा झालेला माणूस होता हे तुझ्या डोक्यात कशाला घालायचं?"

मी उठून बाल्कनीत गेले. समोरच्या ब्लॉकच्या बांबूंवर कपडे वाळत होते. मला माझीच चीड आली. ते वाक्य बोलायच्या दहा मिनिटं आधी मी काय वाचून दाखवलं होतं? की त्या रोमांना अधिकारी म्हणाले, तुमची फाईल बघा, तुम्ही गुन्हेगार. आणि त्या फायलींत काय असायचं, तर बरेचदा हेच, परवानगीशिवाय हलला. हे वाचून झाल्यावर कोणीतरी मला विचारतं, आणि मी लगेच म्हणते, आमची फाईल कोरी आहे हो. म्हणजे ज्यांची कोरी नव्हती त्यांना मी तिथेच सोडून दिलं. आणि त्यांत माझे आजोबाच पहिले निघाले.

"आप्पा, आता काय करू?" मी आत येऊन विचारलं.

"चारचौघांत खोटं बोललीस. चारचौघांतच दुरुस्त कर."

"तुम्हाला चालेल? आधीचं तर विचारलंही नव्हतं मी."

"ते चुकलंच तुझं," ते म्हणाले. "पण आता अर्धं सांगितलंस. अर्ध्यात आपण वाईट दिसतो."

पुढच्या बैठकीपर्यंतचे तीन आठवडे काही गोड गेले नाहीत. काकांचा मेसेज आला, मी म्हणालो होतो तुम्हाला. ज्यांच्या घरी मी दर वर्षी हळदीकुंकवाला जाते, त्या बाईंनी लिहिलं, "कधी बोलला नाहीत इतकी वर्षं." खाली हसरा चेहरा. मी उत्तर लिहिलं, "तुम्ही तुमची जात सांगितली होती का?" त्यावर निळ्या खुणा आल्या, उत्तर आलं नाही. सहलीचं ठरत होतं, त्या ग्रुपवर अचानक सामसूम झाली. मग एकाकडून कळलं, की नवा ग्रुप झालाय. नवरा म्हणाला, सोडून दे तो कट्टा. मी म्हटलं, मुळीच नाही. वर्गणी भरलीय, विषय मांडलाय, खुर्ची माझी आहे.

आप्पांचं परतीचं विमान पुढच्या बैठकीनंतर तीन दिवसांनी होतं. त्या रविवारी त्यांनी पुन्हा तोच सदरा घातला. या वेळी मागे नाही बसले. पहिल्या रांगेत, मधल्या खुर्चीत, माझ्या मुलीला शेजारी घेऊन. डावीकडच्या दोन खुर्च्या रिकाम्या राहिल्या. त्यांनी पिशवी तिथे ठेवून दिली.

त्या दिवशी भाषण दुसऱ्या कोणाचं होतं, बंगालच्या दुष्काळावर. मी काकांना म्हटलं, आधी मला पाच मिनिटं हवीत, मागच्या वेळी माझ्याकडून एक चूक झाली. त्यांना वाटलं असावं मी काहीतरी मागे घेणार आहे. लगेच म्हणाले, "अवश्य, अवश्य. पण थोडक्यात."

मी कागद नेला नव्हता. उभी राहिले आणि सांगितलं, की मागच्या वेळी मी म्हटलं माझ्या आजोबांवर एकही गुन्हा नव्हता, ते खोटं होतं. तीन होते, तिन्ही सिद्ध झालेले. बहिणीचं लग्न सांगितलं, विजापूरची तार सांगितली, बाभळ सांगितली. या वेळी वडे बघायलाही कोणी उठलं नाही.

डॉक्टरबाईंचे डोळे भरून आले होते. मनापासून म्हणाल्या, "अहो, मग हे कसले गुन्हे? खरं तर निरपराधच होते की ते."

त्या माझी बाजू घेत होत्या, हे मला कळत होतं. मान हलवून खाली बसले असते तर सगळं गोड झालं असतं. नवा ग्रुप जुन्यात मिसळला असता.

"नाही," मी म्हटलं. "तसं नका म्हणू. कायदा होता, त्यांना तो माहीत होता, आणि त्यांनी तो मोडला. जाणूनबुजून. तीन वेळा."

"चार," पहिल्या रांगेतून आप्पा म्हणाले. "एकदा सापडले न्हाईत."